सांगितलेले काम : इम क्वॉन-तेक यांचे एकशे दोन चित्रपट

नोव्हेंबर २०१६ मध्ये गोव्याच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात दक्षिण कोरियाचे दिग्दर्शक इम क्वॉन-तेक यांना जीवनगौरव पुरस्कार देण्यात आला. आपल्याकडे कोरियन सिनेमा म्हटले की किम की-डुक, पार्क चान-वूक, बोंग जून-हो ही नावे चटकन ओठांवर येतात. इम त्यांच्या आधीच्या पिढीचे. १९६२ ते २०१४ या बावन्न वर्षांत त्यांनी १०२ चित्रपट केले. ऐतिहासिक पट, मारधाडपट, युद्धपट, रडवे कौटुंबिक चित्रपट, सरकारी प्रचारपट आणि मग कान, व्हेनिस, बर्लिनमध्ये वाखाणले गेलेले चित्रपट, असा सगळा माल या एका नावाखाली जमा आहे.

या आकड्याचे करायचे काय, हा इम यांच्याविषयी लिहिणाऱ्या प्रत्येकापुढचा पहिला प्रश्न. रूढ उत्तर सोपे आहे. पहिल्या दहा वर्षांतले सुमारे पन्नास चित्रपट बाजूला काढायचे, ते पोटासाठी होते म्हणायचे. १९७३ च्या ‘जाप्चो’ म्हणजे ‘तण’ या चित्रपटापाशी रेघ ओढायची आणि रेघेच्या अलीकडे जो उभा राहतो त्याला कलावंत म्हणायचे. ही वाटणी खुद्द इम यांनाही मान्य दिसते. सुरुवातीच्या चित्रपटांबद्दल मुलाखतींतून ते संकोचानेच बोलत आले आहेत.

मला ही वाटणी पटत नाही. ते पहिले पन्नास चित्रपट थोर आहेत असा माझा दावा नाही. त्यातले बरेचसे आज उपलब्धही नाहीत. माझे म्हणणे एवढेच की, ते वगळले तर पुढचे बावन्न नीट कळत नाहीत. इम यांचे महत्त्वाचे चित्रपट एकाच परिस्थितीकडे पुन्हा पुन्हा वळतात. काम दुसऱ्याने सांगितलेले असते, मोल दुसऱ्याने ठरवलेले असते आणि झिजणारे शरीर तेवढे काम करणाऱ्याचे असते. ही परिस्थिती त्यांनी पुस्तकात वाचलेली नव्हती. ते तिच्यातच वाढले होते.

(मला कोरियन भाषा येत नाही. हे चित्रपट मी इंग्रजी उपशीर्षकांच्या आधारे पाहिले आहेत. कोरियन फिल्म अर्काइव्हने त्यातले बरेच आपल्या यूट्यूब वाहिनीवर विनामूल्य ठेवले आहेत. म्हणून संवादांच्या बारकाव्यांवर मी काही आधारलेले नाही. जे पडद्यावर दिसते आणि कथेत घडते, त्यावरच पुढची मांडणी आहे.)

कोट्याचे गणित

इम यांचा जन्म १९३० च्या दशकाच्या मध्यावर, नैर्ऋत्य कोरियातल्या दक्षिण जोल्ला प्रांतात जांगसोंग येथे झाला. घरातल्या काही माणसांचे डाव्या चळवळीशी संबंध होते. फाळणी आणि युद्धाच्या काळात दक्षिण कोरियात याची किंमत अख्ख्या कुटुंबाला मोजावी लागे आणि इम यांच्या कुटुंबाने ती मोजली. पोरवयातच ते घर सोडून बुसान बंदरात आले. तिथे मजुरी केली, अमेरिकी सैन्याच्या जुन्या बुटांच्या धंद्यात राबले. युद्धानंतर १९५६ च्या सुमारास ते सोलला गेले आणि जोंग चांग-ह्वा या दिग्दर्शकाच्या हाताखाली पडेल ते काम करू लागले. सिनेमाचे वेड म्हणून ते या धंद्यात आले नव्हते. दोन वेळच्या जेवणाची सोय म्हणून आले. १९६२ मध्ये त्यांचा पहिला चित्रपट आला, ‘दुमान नदी, तुझा निरोप घेतो’. जपानी राजवटीविरुद्ध लढणाऱ्या तरुणांची ती साहसकथा होती.

त्याच वर्षी पार्क चुंग-ही यांच्या लष्करी राजवटीने चित्रपट कायदा आणला. लहानसहान निर्मिती कंपन्या मोडीत काढून मोजक्या मोठ्या कंपन्या ठेवायच्या, त्यांना परवाने द्यायचे आणि वर्षाला ठरावीक संख्येने चित्रपट काढायची सक्ती करायची, असे धोरण होते. खरा पैसा मात्र परदेशी चित्रपट आणून दाखवण्यात होता. त्या आयातीचा परवाना देशी चित्रपटांच्या संख्येशी आणि पुढे सरकारी ‘उत्तम चित्रपट’ पुरस्कारांशी जोडलेला होता. त्यामुळे निर्मात्याला कोरियन चित्रपट हवा असे तो पुष्कळदा आकडा भरण्यासाठी. तो कसा असावा याची फिकीर करण्याचे त्याला कारण नव्हते. साठच्या दशकाच्या शेवटी कोरियात वर्षाला दोनशेहून अधिक चित्रपट निघत होते ते या हिशेबामुळे.

अशा बाजारात जलद, स्वस्त आणि तक्रार न करता काम उरकणारा दिग्दर्शक सोन्याच्या मोलाचा. इम यांनी दहा वर्षांत सुमारे पन्नास चित्रपट उरकले, म्हणजे वर्षाला सरासरी पाच. त्यात आणखी एक गोष्ट होती. डाव्या घरातून आलेल्या मुलाला त्या काळी संशयाच्या छायेतच जगावे लागे आणि कम्युनिस्टविरोधी चित्रपट ही तर त्या राजवटीची खास मागणी. इम यांनी तीही पुरवली. १९७३ मध्ये, म्हणजे ज्या वर्षी ‘जाप्चो’ने त्यांना नवे वळण लागले असे सांगितले जाते त्याच वर्षी, सरकारी चित्रपट महामंडळासाठी त्यांनी ‘साक्ष’ हा भव्य युद्धपट केला. रेघ ओढणाऱ्यांची इथेच पंचाईत होते. ‘तण’ आणि ‘साक्ष’ एकाच वर्षाचे, एकाच माणसाचे.

कारकुनाची नजर

१९७८ चा ‘जोकबो’ म्हणजे ‘वंशावळ’ हा मला त्यांचा पहिला खरा चित्रपट वाटतो. काजियामा तोशियुकी या जपानी लेखकाच्या कथेवर तो आधारलेला आहे. जपानी वसाहतीच्या अखेरच्या वर्षांत कोरियन लोकांना जपानी धाटणीची नावे घ्यायला लावण्यात आले, तो काळ. सातशे वर्षांची वंशावळ जपणारा एक वृद्ध जमीनदार नाव बदलायला नकार देतो. चित्रपटाचा नायक मात्र तो नाही. त्याचे मन वळवायला पाठवलेला तरुण जपानी कारकून तानी हा नायक. तानी स्वतः चित्रे काढतो, माणूस सज्जन आहे. वृद्धाबद्दल त्याला आदर आहे आणि हुकूम अन्यायाचा आहे हे त्याला कळते. तरीही तो पुन्हा पुन्हा त्या दारात जातो, कारण ती त्याची नोकरी आहे. कुटुंबापुढचे सगळे मार्ग बंद होतात आणि म्हातारा जीव देतो.

वसाहतीची कथा सांगताना एखादा कोरियन दिग्दर्शक हुतात्म्याच्या नजरेतून सांगेल. इम यांनी ती हुकूम बजावणाऱ्या, मन असलेल्या कारकुनाच्या नजरेतून सांगितली. हुकूम नापसंत असूनही तो नीट पार पाडणारा हात त्यांना आतून माहीत होता. पन्नास चित्रपटांचा अनुभव इथे पहिल्यांदा विषय होऊन येतो.

तीन वर्षांनी आलेला ‘मंडल’ (१९८१) किम सोंग-दोंग यांच्या कादंबरीवर आधारलेला आहे. दोन बौद्ध भिक्खूंची ही कथा. बोबुन नेमाने साधना करणारा. जिसान दारू पिणारा, बाईच्या मोहात पडलेला आणि तरीही बुद्धाचा शोध न सोडणारा. उघड्याबोडक्या हिवाळी प्रदेशातून एक बस येते आणि सैनिकी तपासणी नाक्यावर थांबवली जाते. सैनिक प्रवाशांची ओळखपत्रे तपासतो. जिसानकडे ओळखपत्र नाही. ‘मी कोण’ हा भिक्खूचा जुना प्रश्न आणि ‘तू कोण, कागद दाखव’ हा शिपायाचा प्रश्न इम एकाच प्रसंगात समोरासमोर आणतात, त्यावर भाष्य काही करत नाहीत. ज्याच्या घरच्यांना ओळखीच्या शिक्क्याने छळले, त्याच्याच हातून असा प्रसंग इतका शांतपणे उतरू शकतो. छायाचित्रकार जोंग इल-सोंग यांच्याशी जमलेली त्यांची जोडी पुढे अनेक वर्षे टिकली. माणसाला विशाल निसर्गात लहान करून दाखवणारी दूरची चौकट ही या जोडीची खूण.

करारातले शरीर

ऐंशीच्या दशकात इम यांच्या चित्रपटांच्या केंद्रस्थानी स्त्रिया आल्या आणि त्यांच्या अभिनेत्री परदेशांत गाजल्या. कांग सू-योन हिला १९८७ मध्ये व्हेनिसला आणि १९८९ मध्ये मॉस्कोला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा मान मिळाला. मॉस्कोचा चित्रपट ‘आजे आजे बारा आजे’. प्रज्ञापारमिताहृदयसूत्राच्या शेवटच्या संस्कृत मंत्राचे हे कोरियन उच्चारातले रूप.

व्हेनिसचा चित्रपट ‘सिबाजी’. जोसोन राजवटीच्या काळात एका खानदानी घराला वारस नाही. डोंगरातल्या एका वस्तीतून ओक-न्यो नावाची कोवळी मुलगी आणली जाते. तिने मुलगा द्यायचा आणि निघून जायचे. मोबदला आधी ठरतो. मुलगा झाला तर जमीन, मुलगी झाली तर त्याहून पुष्कळ कमी. हेच काम तिच्या आईनेही केलेले आहे. विधी, मुहूर्त, औषधे, ज्येष्ठांच्या सूचना, सगळे यथासांग चालते. मुलगा होतो आणि जन्मताच तिच्यापासून नेला जातो. तिला ठरलेले मोल मिळते. कोणीही करार मोडत नाही आणि ओक-न्यो अखेरीस गळफास घेते.

या चित्रपटात दुष्ट माणूस शोधून सापडत नाही. सगळे रीतीप्रमाणे वागतात. म्हणूनच तो अंगावर येतो. मोल चुकते झाले म्हणजे हिशेब मिटला, या समजुतीवर घातलेला हा घाव आहे.

‘गिलसोत्तुम’ (१९८५) आणखी कोरडा आहे. १९८३ मध्ये केबीएस या सरकारी दूरचित्रवाणीने युद्धात ताटातूट झालेल्या कुटुंबीयांना भेटवण्यासाठी कार्यक्रम सुरू केला. तो १३८ दिवस चालला आणि अख्खा देश त्यापुढे बसून रडला. इम यांनी त्याच पार्श्वभूमीवर एक सुखवस्तू बाई घेतली. तिला जुना प्रियकर भेटतो, दोघांचा हरवलेला मुलगाही बहुधा सापडतो. पण तो दारिद्र्यात, मारझोडीत वाढलेला, रांगडा माणूस आहे. वैद्यकीय तपासणी नात्याला दुजोरा देते, तरी बाई पूर्ण खात्री नाही एवढाच आधार धरून त्याला नाकारते आणि आपल्या गाडीतून निघून जाते. देश अश्रूंत न्हात असताना, तीस वर्षांत वर्गाची भिंत रक्ताच्या नात्याहून उंच झाली आहे, असे सांगणारा हा चित्रपट. रडण्याची मागणी एवढी मोठी असताना ती न पुरवणे ही लहान गोष्ट नव्हे.

‘सोप्योन्जे’चा पेच

आता त्या चित्रपटाकडे वळू ज्याने इम यांना कोरियाच्या घराघरांत नेले. ‘सोप्योन्जे’ १९९३ मध्ये प्रदर्शित झाला आणि एकट्या सोल शहरात दहा लाखांहून अधिक प्रेक्षक मिळवणारा पहिला कोरियन चित्रपट ठरला. विषय पान्सोरीचा. एक गायक किंवा गायिका, हाती पंखा, शेजारी एकच ढोलवादक आणि तासन्‌तास चालणारे आख्यान, कधी गद्यात, कधी गाण्यात. आपल्याला कीर्तनाची आठवण व्हावी असा हा प्रकार. सोप्योन्जे हे त्यातल्या एका घराण्याचे नाव, करुण आणि नाजूक वळणाचे.

गायक यू-बोंग, त्याने वाढवलेली मुलगी सोंग-ह्वा आणि मुलगा दोंग-हो, हे तिघे गावोगाव फिरतात. लोकांना आता ब्रास बँड हवा आहे, पान्सोरी नको. उपासमारीला कंटाळून दोंग-हो पळून जातो. सोंग-ह्वाचे गाणे थंडावते. तेव्हा यू-बोंग तिला औषधाच्या नावाखाली एक काढा पाजतो आणि ती आंधळी होते. तिच्या आवाजात ‘हान’ उतरावे हा त्याचा हेतू. हान म्हणजे आत साठून राहिलेले, वाट न मिळालेले दुःख. मरताना तो कबुली देतो. तिला ते आधीच ठाऊक होते.

यातला एक प्रसंग जगभर वाखाणला गेला. दगडी बांधांमधून वळत येणारी वाट, दूरवर तीन ठिपके. कॅमेरा हलत नाही. पाच मिनिटांहून अधिक काळ तिघे गात, ढोल वाजवत, नाचत आपल्या दिशेने येतात आणि चौकटीबाहेर जातात. चित्रपटातला हा त्यांचा सर्वांत आनंदाचा काळ. तो न तोडता पुरा दाखवण्याचे धाडस हवे आणि हातही हवा.

पण पेच त्यापुढे आहे. हा चित्रपट यू-बोंगच्या कृत्याला काय म्हणतो? कोरियातल्या स्त्रीवादी अभ्यासकांनी यावर कडक आक्षेप घेतले आहेत. मुलीचे डोळे घ्यायचे आणि त्यातून निघालेल्या आवाजाला राष्ट्राची संस्कृती म्हणायचे, असा हा व्यवहार आहे. आक्षेप टाळता येण्याजोगा नाही.

चित्रपटात मात्र त्याच्याच विरुद्ध जाणाऱ्या दोन गोष्टी आहेत. शेवटी दोंग-हो तिला शोधून काढतो. ओळख न देता तो रात्रभर ढोल वाजवतो, ती गाते. ती गाते ते शिमचोंगचे आख्यान. त्यात आंधळ्या बापाला दृष्टी यावी म्हणून मुलगी स्वतःचा बळी देते आणि अखेर बापाचे डोळे उघडतात. इथे बापानेच मुलीचे डोळे मिटले आहेत. आख्यान पुरते उलटे झाले आहे आणि ते ऐकत वाढलेल्या प्रेक्षकाला हे जाणवल्याशिवाय राहणार नाही. दुसरी गोष्ट अधिक सूक्ष्म. गाणे शिखराला पोचते तिथे काही काळ सोंग-ह्वाचा आवाज मागे पडतो आणि पार्श्वसंगीत पुढे येते. तिचे ओठ हलताना दिसतात. ज्या आवाजासाठी डोळे घेतले तो ऐन वेळी आपल्याला ऐकूच येत नाही. किंमत वसूल झाली का, हे ठरवण्याची सोयच चित्रपट ठेवत नाही.

तरीही माझा कौल पूर्णपणे ‘सोप्योन्जे’च्या बाजूने नाही. त्याची दृश्ये इतकी देखणी आहेत, करुणा इतकी मुलायम आहे की, त्या दोन गोष्टी तिच्याखाली बुडतात. प्रेक्षक हरवलेल्या कलेसाठी रडतो; हरवलेल्या डोळ्यांसाठी तेवढा रडतो का, याची मला शंका आहे. ‘सिबाजी’त हिशेब उघडा मांडला होता. ‘सोप्योन्जे’त तो सुरात मिसळून गेला. कलाकृती म्हणून लोक ‘सोप्योन्जे’ला वर ठेवतात, मी ‘सिबाजी’ला ठेवतो.

फर्माईश नाकारणारा

पुढच्या वर्षी इम यांनी जो जोंग-रे यांच्या बहुखंडी कादंबरीवर ‘थेबेक पर्वतरांग’ (१९९४) केला. १९४८ च्या उठावापासून युद्धापर्यंतचा दक्षिण जोल्लाचा काळ, एक भाऊ कम्युनिस्ट आणि दुसरा उजवा गुंड. म्हणजे स्वतःच्या बालपणाचीच भूमी. उजव्या गटांनी गदारोळ केला, डाव्यांना तो पुरेसा डावा वाटला नाही. ‘साक्ष’ करणाऱ्या माणसाने वीस वर्षांनी दिलेली ही दुसरी साक्ष. दोन्ही एकाच फिल्मोग्राफीत आहेत आणि दोन्ही तिथेच असायला हव्यात.

२००० मध्ये ‘चुनह्यांग’ हा कानच्या स्पर्धा विभागात निवडला गेलेला पहिला कोरियन चित्रपट ठरला. त्यात चो सांग-ह्यून यांचे पान्सोरी गायनच निवेदक आहे. चुनह्यांगला फटके मारले जातात आणि गाण्यात एकेका फटक्याची मोजणी होते. इथे आवाज आणि शरीर एकमेकांपासून तुटत नाहीत. ‘सोप्योन्जे’त जे निसटले ते इथे पकडले आहे.

२००२ च्या ‘छिह्वासोन’साठी इम यांना कान महोत्सवात सर्वोत्कृष्ट दिग्दर्शकाचे पारितोषिक पॉल थॉमस अँडरसन यांच्यासह विभागून मिळाले. एकोणिसाव्या शतकातला चित्रकार जांग सुंग-ओप ही त्याची व्यक्तिरेखा. हलक्या कुळातला, दारुडा, अमाप काढणारा. छोई मिन-सिक याने तो रंगवला आहे. त्याच्या दारी सतत कोणीतरी फर्माईश घेऊन उभे असते. सरदार, व्यापारी आणि अखेर खुद्द राजा. तो राजवाड्यातून पळतो. लोकांना आवडलेले चित्र पुन्हा काढायला सांगितले की चिडतो, फाडून टाकतो. शेवटी मातीची भांडी भाजणाऱ्या भट्टीच्या ज्वाळांत शिरून नाहीसा होतो. फर्माईशीवर शेकडो चित्रे काढणारा, त्यांतल्या कशानेच समाधान न झालेला हा कलावंत कोण, हे सांगायला नको. त्यांचा तो अठ्ठ्याण्णवावा चित्रपट.

एक सावधगिरी

इथवर आल्यावर एक मोह होतो. ते पन्नास चित्रपट नसते तर हे पुढचे घडले नसते, असे म्हणण्याचा. ती भट्टी होती, तिनेच कलावंत भाजून पक्का केला, असे म्हणण्याचा. पुष्कळ गौरवलेखांतून हे वाक्य वेगवेगळ्या रूपांत येतेही.

पण हा युक्तिवाद आपण आधी ऐकला आहे. तो यू-बोंगचा आहे. डोळे गेले म्हणून आवाज आला, असे तो म्हणतो. हुकूमशाहीच्या कोट्याने दिग्दर्शक घडवला म्हणणे हे त्याहून निराळे नाही. त्या कोट्याखाली इतर कितीतरी दिग्दर्शक पिचले आणि नाहीसे झाले, त्यांचा आवाज कोणी ऐकला? जखमेचा आणि कलेचा संबंध असतो. पण श्रेय जखमेला देता येत नाही. इम यांनी त्या दहा वर्षांना आपला विषय केले, ही त्यांची करणी. त्या वर्षांनी त्यांच्यावर उपकार केले नाहीत.

म्हणून मला पन्नास आणि बावन्न ही वाटणी नको आहे आणि पन्नासांचा उदोउदोही नको आहे. १०२ हा आकडा तसाच, अखंड ठेवावा. त्यात ‘साक्ष’ची लाज असू द्यावी आणि ‘गिलसोत्तुम’चा कोरडेपणाही.

शेवटचा, एकशे दोनावा चित्रपट ‘ह्वाजांग’ (२०१४) किम हून यांच्या कथेवर आहे. कोरियन भाषेत या एकाच शब्दाचे दोन अर्थ होतात, दहन आणि प्रसाधन. सौंदर्यप्रसाधनांच्या कंपनीतला एक वरिष्ठ अधिकारी. त्याची पत्नी मेंदूच्या गाठीने मरते आहे. तो तिची सेवा करतो, न्हाणीघरात तिला स्वच्छ करतो. मन दुसऱ्या, तरुण स्त्रीकडे ओढ घेते, तेही लपत नाही. पत्नी जाते. अंत्यविधी चालू असतानाच कंपनीची माणसे नव्या जाहिरातीचा निर्णय मागायला येतात. आन सोंग-की हा अभिनेता ‘मंडल’मध्ये बोबुन होता, ‘थेबेक’मध्येही होता. इथे त्याचा चेहरा थकलेला, जवळजवळ कोरा आहे. तो ऐकून घेतो आणि निर्णय देतो. ऐंशीच्या घरातल्या दिग्दर्शकाने आपल्या शेवटच्या नायकाला स्मशानाच्या वाटेवरही सांगितलेल्या कामातून सोडवलेले नाही.